वर्गात रोज काय घडलं ते लिहून ठेवायचं म्हणजे नेमकं काय करायचं: कोकणात नव्यानं हजर झालेल्या शिक्षकांसाठी

आमच्या केंद्रात, म्हणजे आसपासच्या शाळांच्या गटात, यंदा दोन नवीन शिक्षणसेवक (सुरुवातीची वर्षं मानधनावर काम करणारे शिक्षक) हजर झाले, एक परभणीकडचे आणि एक सांगलीच्या. परवा शिक्षण परिषदेत, म्हणजे केंद्रातल्या शिक्षकांच्या बैठकीत, चहाच्या वेळी दोघांनीही एकच विचारलं, "मॅडम, प्रशिक्षणात सारखं चिंतन करा, चिंतन लिहा म्हणतात, ते लिहायचं काय असतं हो?" मी हसले, कारण नऊ वर्षांपूर्वी लातूरहून देवगड तालुक्यातल्या एका वाडीवर आले तेव्हा मीपण हाच प्रश्न घेऊन फिरत होते आणि मला एकानंही धड सांगितलं नव्हतं. टाचणाच्या (रोजच्या पाठाच्या लेखी तयारीच्या) शेवटी "पाठ समाधानकारक झाला" असं मी दोन वर्षं रोज लिहीत होते. रोज. पाऊस असो, निम्मी मुलं गैरहजर असोत, पाठ समाधानकारकच.

तर जे मला चुकतमाकत कळलं ते इथं क्रमानं लिहिते. आमची शाळा द्विशिक्षकी, पहिली ते चौथी, पट सतरा. तुमची मोठी असेल तर थोडं इकडं तिकडं करून घ्या.

आधी हे जमवा

- शंभर पानी साधी वही. जाड पुठ्ठ्याची भारी डायरी आणू नका, तिच्यात चांगलंच लिहावंसं वाटतं.
- बॉलपेन. जेल पेन अजिबात नको, जुलैच्या दमट हवेत अक्षर पसरतं आणि पानं एकमेकांना चिकटतात.
- वही ठेवायला झिपची प्लास्टिक पिशवी. हे हसण्यावारी नेऊ नका, माझं एक अख्खं सत्र एसटीतून उतरताना भिजलं.
- रेकॉर्डिंग होईल असा फोन. साधा असला तरी चालतो.
- आपल्या इयत्तांच्या अध्ययन निष्पत्तींची (वर्षअखेर मुलाला काय यायला हवं त्या यादीची) प्रिंट. मोबाईलमध्ये पीडीएफ आहे म्हणू नका, ती उघडत नाही कुणी.
- विश्वासाचा एक सहकारी. याबद्दल पुढे लिहिलंय.

१. दोन वह्या वेगळ्या ठेवा

सगळ्यात आधी हे. टाचण वही साहेबांसाठी असते, ती तपासली जाते, तिच्यावर सही होते. ही दुसरी वही तुमची. दोन्ही एकत्र केल्या की संपलं, कारण जी वही कुणीतरी बघणार आहे तिच्यात माणूस खरं लिहीत नाही, मीपण नाही लिहिलं. केंद्रप्रमुख भेटीला आले आणि विचारलं तर त्यांना तोंडी सांगा की मी असं असं टिपून ठेवते, त्यातून हा बदल केला, त्यांना आवडतंच ते. वही मात्र द्यायची नाही.

आणखी एक, या वहीत मुलांची पूर्ण नावं नकोत. घरातली भांडणं, वडिलांची दारू, असं काही काही कानावर येतं वाडीत, आणि वाडी म्हणजे वीस घरं, वही कुणाच्या हाती लागली तर त्या पोराचं काय होईल बघा. मी घराच्या खुणेवरून लिहिते, "विहिरीजवळचा", "माडाखालची" असं. मला कळतं, पुरे.

२. वेळ ठरवा, आणि ती रात्रीची ठरवू नका

रात्री लिहिते म्हणणारा लिहीत नाही. पावसाळ्यात इकडे लाईट कधी जाईल सांगता येत नाही आणि रात्रीपर्यंत दुपारचं निम्मं विसरलेलं असतं. मी शाळा सुटल्यावर, खोल्यांना कुलूप लावायच्या आधी दहा मिनिटं लिहिते. दहाच. घड्याळ बघून. पाच दहाची एसटी चुकली की पुढची पावणेसातला, त्यामुळे आपोआप आटोपशीर होतं. रोज जमलं नाही तर आठवड्यातून तीन दिवस धरा, पण तेच तीन.

३. फक्त चार ओळी

काय लिहायचं याची लांबलचक प्रश्नावली प्रशिक्षणात देतात, पंधरा पंधरा प्रश्न, ती भरायला गेलात तर आठ दिवसात कंटाळाल. माझ्या चार ओळी अशा असतात:

- काय घडलं (एकच प्रसंग, अख्खा दिवस नाही)
- त्या वेळी मी काय बोलले किंवा केलं
- मुलानं काय बोललं किंवा केलं, त्याच्याच शब्दात
- उद्या मी काय वेगळं करणार

चौथी ओळ नसेल तर ते चिंतन नाही, ती नुसती रोजनिशी झाली. आणि चौथ्या ओळीत "मुलांनी लक्ष द्यायला हवं" असं लिहायचं नाही, तिथं कर्ता मीच पाहिजे. या एका नियमानं माझी निम्मी तक्रार बंद पडली. पहिल्या महिन्याच्या नोंदी आज वाचल्या तर हसू येतं, पालक लक्ष देत नाहीत, नेटवर्क नाही, ऑनलाईन माहिती भरून भरून जीव गेला, सगळं खरंच आहे हो, पण त्यातलं काहीच मी उद्या सकाळी साडेदहाला बदलू शकत नव्हते.

डोनाल्ड शॉन नावाच्या अमेरिकन अभ्यासकानं १९८३ मध्ये हे दोन भागात मांडलं होतं, काम करता करता होणारा विचार आणि काम झाल्यावर मागे वळून केलेला विचार. बीएड, डीएडला वाचलं असेल तुम्ही. पहिला आपण सगळेच करतो, मूल गोंधळलं की आपण लगेच उदाहरण बदलतो ना, तोच. पण दोन वर्ग एका खोलीत सांभाळताना तो विचार हवेत विरून जातो, घंटा झाली की गेला. वही आहे ती दुसऱ्या प्रकारच्या विचारासाठी.

४. पहिला महिना एकाच मुलावर लिहा

सतरा मुलांवर लिहायला गेलात तर एकावरही नीट लिहून होणार नाही. एक मूल निवडा, शक्यतो ज्याच्याबद्दल तुमचं मत आधीच पक्कं झालंय असं.

माझा होता पहिलीतला "विहिरीजवळचा". त्याच्याबद्दल सलग तीन दिवस माझी तिसरी ओळ एकच होती, "प्रतिसाद देत नाही". चौथ्या दिवशी तेच लिहायला घेतलं आणि मागचं पान दिसलं, तेव्हा जरा लाज वाटली. मी लातूरची, माझी मराठी त्याच्या कानाला परकी, मी विचारणार "तू कुठं राहतोस रे बाळा?" आणि तो माझ्या तोंडाकडे बघत बसणार. त्याच दुपारी पोषण आहाराच्या वेळी भात वाढणाऱ्या काकींनी त्याला सहज विचारलं, "खंय ऱ्हवतंस रे तू? आवशीन काय दिल्यान खावक?" (कुठे राहतोस, आईनं काय खायला दिलं) तर हा पठ्ठ्या जो सुटला, पेज, सुको बांगडो, घरचा बोको, बोक्यान बांगडो कसो पळवल्यान, सगळं सांगून मोकळा. पाच मिनिटं. मी डाव घेऊन तशीच उभी.

त्या दिवशीची चौथी ओळ: "काकींकडून रोज पाच मालवणी शब्द." खंय म्हणजे कुठे, थंय म्हणजे तिथे, माका, तुका, इलंय, गेलंय. मी बोलायला लागले की मुलं अजून हसतात, "बाई, तसा नाय म्हणूचा" म्हणून मला शिकवतात, आणि शिकवण्यासाठी का होईना तोंड उघडतात. २०२० च्या शैक्षणिक धोरणातपण निदान पाचवीपर्यंत शक्य तिथं घरच्या भाषेतून शिकवा असं म्हटलंय, ते मी वाचलं होतं, परीक्षेला पाठपण केलं होतं, पण मराठीतून मराठीकडेच जायचंय म्हणजे आपल्याला ते लागू नाही असं मला वाटायचं. रत्नागिरीकडे गेलात तर तिथली बोली अजून निराळी, मालवणी पाठ करून उपयोग नाही, तिथल्या काकींना विचारा.

५. स्वतःचा पाठ रेकॉर्ड करा आणि एकट्यानं ऐका

हे सगळ्यात अवघड. फोन खिडकीत ठेवायचा, रेकॉर्डिंग चालू करायचं आणि विसरून जायचं. व्हिडिओ नको, व्हिडिओत आपण साडी आणि केस बघत बसतो, शिवाय मुलांचे चेहरे फोनमध्ये साठवून ठेवणं बरं नाही. आवाज पुरतो. जून ते सप्टेंबर मात्र या नादाला लागू नका, मी पहिल्यांदा जुलैत केलं आणि पस्तीस मिनिटं नुसता पत्र्यावरचा पाऊस ऐकला, मध्येच कुठंतरी माझा आवाज "गप्प बसा".

दिवाळीनंतर परत केलं. तिसरीचा गणिताचा तास, वजाबाकी. ऐकताना वहीत दोन रेघा ओढल्या, एका बाजूला मी विचारलेले प्रश्न, दुसऱ्या बाजूला मुलांची उत्तरं, आणि फक्त टिकल्या मारत गेले. प्रश्न झाले एक्केचाळीस. त्यातले तेवीस "समजलं का?" आणि त्यावर तेवीस वेळा "होय बाईऽऽ". म्हणजे निम्म्याहून जास्त वेळा मी मुलांना होय म्हणायलाच शिकवत होते.

दुसरी गोष्ट, प्रश्न विचारून मी थांबतच नव्हते. विचारलं की लगेच आपणच उत्तर. हे फक्त माझं नाही, मेरी बड रो या अमेरिकन संशोधक बाईंनी १९७० च्या दशकात वर्गांच्या टेप ऐकून हेच दाखवलं होतं, की प्रश्न विचारल्यावर शिक्षक सरासरी सेकंदभरच थांबतात, आणि तीन सेकंद थांबले तर मुलांची उत्तरं लांब होतात, न बोलणारी मुलंपण बोलायला लागतात. तीन सेकंद म्हणजे काहीच नाही असं वाटतं ना? वर्गात थांबून बघा, युग वाटतं. मी मनात "एक नारळ, दोन नारळ, तीन नारळ" म्हणते.

इथं एक धोका सांगते. पहिलं रेकॉर्डिंग ऐकून माणूस खचतो, माझा आवाज असा आहे का, मी इतकं ओरडते का. त्या दिवशी काही ठरवू नका. दोन दिवसांनी परत ऐका आणि एकच गोष्ट बदलायला घ्या. मी फक्त "समजलं का" बंद केलं, त्याऐवजी "तू काय केलंस ते मला सांग" सुरू केलं, बाकी सगळं तसंच राहू दिलं.

६. चुका फेकू नका, गोळा करा

याच रेकॉर्डिंगमुळे दुसरं एक हाती लागलं, आणि माझ्या नऊ वर्षांतली सगळ्यात कामाची नोंद तीच. त्या तासाला फळ्यावर गणित होतं ५२ वजा २७. तिसरीत सात मुलं, त्यातल्या पाच जणांचं उत्तर ३५. मी लाल पेनानं फुल्या मारल्या, "निष्काळजीपणा" म्हणून मोकळी. संध्याकाळी वहीत ते गणित जसंच्या तसं उतरवलं तेव्हा डोक्यात आलं की पाच पोरं एकाच वेळी, एकाच प्रकारे निष्काळजी कशी होतील? ३५ आलं कुठून? एकक स्थानी २ मधून ७ जात नाहीत, म्हणून त्यांनी उलटं केलं, ७ मधून २, आले ५. दशकात ५ मधून २, आले ३. झाले पस्तीस. म्हणजे मुलं नियमानंच चालली होती.

नियम कुणाचा? रेकॉर्डिंग परत ऐकलं. बाराव्या मिनिटाला माझाच आवाज, ठणठणीत: "लक्षात ठेवा, नेहमी मोठ्यातून लहान वजा करायचं." मी सांगितलं, त्यांनी केलं.

दुसऱ्या दिवशी काकींच्या घरून झाडूसाठी काढलेले माडाचे हीर आणले, कापून दहा दहाचे गठ्ठे केले, रबर लावले. पाच गठ्ठे आणि दोन सुटे, हे बावन्न. आता मला सत्तावीस दे. पोरगी दोन गठ्ठे देते, मग सात सुटे द्यायचेत आणि हातात दोनच, ती माझ्याकडे बघते, मी मनात तीन नारळ मोजते, आणि ती गठ्ठ्याचा रबर स्वतःहून सोडते. तो रबर सोडला त्या क्षणी तिला हातचा कळला, फळ्यावर शंभरदा लिहून कळला नसता. राहिले दोन गठ्ठे आणि पाच हीर, पंचवीस.

तर काय करायचं, आठवड्यातून एकदा तीन वह्या घ्यायच्या, एक पुढच्या मुलाची, एक मधल्या, एक मागच्या, आणि प्रत्येकातली एक चूक आपल्या वहीत हुबेहूब उतरवायची. खाली लिहायचं, हे उत्तर कुठल्या नियमानं बरोबर ठरेल? नव्वद टक्के वेळा असं काही लिहिणार होते, पण मोजलेलं नाही, तर एवढंच म्हणते की बऱ्याचदा तो नियम आपल्याच तोंडून गेलेला निघतो.

७. गैरहजेरीच्या शेजारी एक रकाना वाढवा

हजेरीत "गै" लागतो, आपल्या वहीत "का" लिहायचं. दोन वर्षांच्या नोंदी समोर ठेवल्या तेव्हा दिसलं की माझी मुलं कंटाळून गैरहजर नव्हती, मार्चमध्ये सकाळी काजूच्या बिया वेचायला जायची, शिमग्याला पालखी घरी येणार म्हणून राहायची, आणि किनाऱ्यावरच्या चार घरातली रापण (किनाऱ्यावरून ओढायचं मोठं मासेमारीचं जाळं) लागली की ओढायला. आणि मी नेमके नवीन घटक सकाळच्या पहिल्या तासाला घ्यायचे! आता मार्चात अपूर्णांक जेवणाच्या सुट्टीनंतर घेते, तेव्हा सगळी आलेली असतात. एवढाच बदल, त्याला परवानगी लागली नाही की खर्च नाही.

ही काही माझी हुशारी नाही. आपल्याच किनाऱ्याला वर डहाणूकडे ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी हे कधीच करून ठेवलंय. १९४५ मध्ये बोर्डीला बालवाडी सुरू केली, पुढे कोसबाडच्या टेकडीवर काम नेलं, आणि आदिवासी मुलं गुरं चारायला जातात म्हणून शाळेत येत नाहीत हे दिसल्यावर त्यांनी पोरांना दोष न देता शाळाच कुरणात नेली, कुरणशाळा. एकदा कोसबाडला जाऊन या जमलं तर.

८. जोडीदार शोधा

एकट्यानं लिहून लिहून माणूस आपल्याच बाजूचा वकील होतो, म्हणून कुणीतरी दुसरं पाहिजे. द्विशिक्षकी शाळेत एकानं दुसऱ्याच्या वर्गात बसायचं म्हणजे एक वर्ग मोकळा पडतो हे मला माहितीये, आम्ही शनिवारी सकाळी वीस मिनिटं काढतो, तेव्हा चौथीतली मुलं छोट्यांना गोष्ट वाचून दाखवतात. बघणाऱ्यानं एकच गोष्ट बघायची आणि ती आधी ज्याचा पाठ आहे त्यानं सांगायची, उदाहरणार्थ "मी मुलींना किती वेळा उठवते तेवढं मोज". सूचना द्यायच्या नाहीत, नुसता आकडा द्यायचा. आमचे गुरुजी माझ्यापेक्षा अठरा वर्षांनी मोठे, पहिल्यांदा म्हणाले, "तुमका काय मी शिकवूचा?" मी म्हटलं शिकवू नका हो, नुसतं मोजा. मुलग्यांना अकरा वेळा उठवलं, मुलींना तीन. आणि मी स्वतःला समतावादी समजत होते.

एकशिक्षकी शाळा असेल तर शिक्षण परिषदेच्या दिवशी लवकर जाऊन शेजारच्या शाळेतल्या कुणाशी तरी अर्धा तास वह्या बदलून बोला. व्हॉट्सॲप ग्रुपवर हे होत नाही, तिथं सगळे अंगठे दाखवतात.

९. कागदोपत्री प्रगतीचं पण बघा

हे पटकन सांगते. २०२० च्या धोरणानुसार शिक्षकानं वर्षाला किमान पन्नास तास व्यावसायिक विकास करणं अपेक्षित आहे. दीक्षा या सरकारी ॲपवरचे कोर्स, डाएटची (जिल्हा शिक्षण व प्रशिक्षण संस्थेची) प्रशिक्षणं, सगळ्याची प्रमाणपत्रं एका फाईलला लावत चला, कारण पुढे बारा वर्षांनी वरिष्ठ वेतनश्रेणी आणि चोवीस वर्षांनी निवडश्रेणीच्या वेळी कागद शोधत बसावं लागतं. फाईलमध्ये हे ठेवा:

- नियुक्ती आदेश आणि हजर रिपोर्टची प्रत
- सेवापुस्तकाच्या पहिल्या पानाची झेरॉक्स
- सगळी प्रशिक्षण प्रमाणपत्रं, तारखेनुसार
- केलेल्या कृतिसंशोधनाचा (आपल्याच वर्गातली अडचण, तिच्यावर केलेला उपाय आणि त्याचा परिणाम) किंवा नवोपक्रमाचा अहवाल, सहीशिक्क्यासह

दीक्षाच्या प्रोफाइलमध्ये नाव सेवापुस्तकात आहे तसंच टाका. माझं माहेरचं राहून गेलं होतं, सहा प्रमाणपत्रं आली तीही माहेरच्या नावानं, चूक माझीच, निस्तरायला पुष्कळ फेऱ्या झाल्या.

कृतिसंशोधन म्हटलं की लोक जुन्या अहवालात गावाचं नाव बदलतात. कशाला? वर्षभर चार ओळी लिहिल्या असतील तर तुमच्याकडे समस्या आहे, केलेला बदल आहे, आधीच्या आणि नंतरच्या मुलांच्या वह्या आहेत. माझं वजाबाकीचं तसंच झालं, अहवाल दोन रविवारात लिहून झाला.

१०. मे महिन्यात वही सलग वाचा

गावी जाताना गाडीत वाचा, रात्रभर वेळच असतो. हातात लाल पेन घ्या आणि जी चौथी ओळ लिहून कधी केलीच नाही तिच्याखाली रेघ मारा. माझ्या पहिल्या वर्षी जवळजवळ सगळ्याच पानांवर लाल. त्यातल्या दोनच निवडा आणि नव्या वहीच्या पहिल्या पानावर उतरवा, जूनमध्ये शाळा उघडली की त्यांच्यापासून सुरुवात.

जुनी वही शाळेच्या कपाटात ठेवणार असाल तर खालच्या कप्प्यात ठेवू नका. वाळवी. माझी तिसऱ्या वर्षाची वही आतून सगळी पोखरली आणि वरचं कव्हर तसंच, हात लावला तेव्हा कळलं. वरच्या कप्प्यात, डांबरगोळ्या टाकून, आणि पावसाळा संपला की एकदा उन्हात घालायची.